वाचकांचे प्रश्न : एकाच चौकटीत दोन ‘मी’

स्वतःची ओळख बदलणारं, स्वतःला नव्यानं घडवणारं माणूस या विषयावर प्रायोगिक लघुपट करणाऱ्यांनी प्रश्न पाठवावेत, असं आवाहन मागच्या अंकात केलं होतं. सगळ्यात जास्त पत्रं बडोद्यातूनच आली. मिळतेजुळते प्रश्न एकत्र केले आहेत. लिहिणारे जवळजवळ सगळे मोबाईलवर चित्रीकरण करतात, म्हणून उत्तरंही मोबाईल धरूनच दिली आहेत.

प्रश्न : लग्नात लक्ष्मीपूजनाच्या वेळी तांदळाच्या ताटात अंगठीनं सुनेचं नवं नाव लिहितात. माझ्या लघुपटात हे नाव हळूहळू बुजतं आणि त्याच ताटात तिचं माहेरचं नाव उमटतं. एकेक फोटो काढून दोनदा करून पाहिलं. अक्षरं वाचता येत नाहीत आणि चित्र सारखं लुकलुकतं. कुठे चुकतंय? (एक वाचिका, दांडिया बाजार)

उत्तर : हे ताट आपल्याकडे घरोघरी पाहिलेलं असतं, त्याचा अर्थ कुणाला सांगावा लागत नाही. एवढा चांगला शॉट सोडू नका, तिसऱ्यांदा करा.

आधी अक्षरांचं बघू. बासमती किंवा कोणताही लांब दाणा घेतला की अक्षराची कड फाटल्यासारखी दिसते. सुरती कोलम घ्या. पण कोलमचा दाणाही पाच मिलिमीटरच्या आसपास असतो आणि अंगठीनं ओढलेली रेघ त्याहून अरुंद पडते. दाणे लगेच परत आत सरकतात. लग्नाच्या अल्बममध्ये ताटातलं नाव सहसा वाचता येत नाही ते यामुळेच. कॅमेऱ्यासाठी रेघ दीड सेंटिमीटर रुंद आणि अक्षर आठ सेंटिमीटर उंच ठेवा. तीस सेंटिमीटर व्यासाच्या ताटात अशी तीन अक्षरं बसतात. माहेरचं नाव चार अक्षरी असेल तर ताटच मोठं घ्या, अक्षरं बारीक करू नका. ताटाच्या तळाला बिनचमकीचा काळा कागद गोल कापून बसवा, नाहीतर स्टीलचा तळ चमकेल आणि रेघ पांढऱ्यावर पांढरी दिसेल. थर दाण्यावर दाणा बसेल एवढाच, म्हणजे तीन-चार मिलिमीटर. त्याला पाव किलो तांदूळ पुरतो. थर जाड झाला की ‘व’, ‘ब’, ‘क’ या अक्षरांच्या पोटातले दाणे ढासळतात आणि पोट बुजून जातं. ही पोटं मुद्दाम मोठी काढा आणि शिरोरेघ सगळ्यात शेवटी ओढा.

आता नाव बुजवायचं कसं? बोटानं दाणे ढकलू नका. ढकललेले दाणे रेघेच्या कडेला बांधासारखे साचतात आणि तिरप्या उजेडात तो बांधच आधी दिसतो. मिठाच्या डबीतला इवलासा चमचा घ्या. एका फोटोला एक चमचा, म्हणजे वीसेक दाणे. या मापानं तीन अक्षरी नाव बुजायला साधारण शंभर फोटो लागतात. ताट सपाट झालं की ते न हलवता त्याच चमच्यानं दाणे उचलत माहेरचं नाव कोरा, त्याला आणखी शंभर. प्रत्येक फोटो दोन फ्रेम, म्हणजे पडद्यावर सलग दोन चित्रं, धरला तर सेकंदाला पंचवीस फ्रेमच्या हिशेबानं दोनशे फोटोंचे सोळा सेकंद होतात. फोटोमागे चाळीस सेकंद धरा, म्हणजे सव्वादोन तासांची बैठक आहे. मध्ये चहाला उठायचं तर खोलीला कडी लावून जा.

दोन नावांचं चित्रीकरण वेगवेगळ्या दिवशी करून नंतर जोडायचा मोह होईल. तसं करू नका. तांदूळ पुन्हा पसरला की प्रत्येक दाण्याची जागा बदलते आणि जोडाच्या क्षणी अख्खं ताट थरथरल्यासारखं दिसतं. नाव बदलत असताना भोवतालचा दाणादेखील हलता कामा नये. तुमच्या शॉटचा सगळा जोर त्यावर आहे.

लुकलुकण्याची कारणं तीन असू शकतात. पहिलं, मोबाईल प्रत्येक फोटोला उजेड स्वतः मोजतो. एक्सपोजर (उजेडाचं माप), फोकस आणि व्हाइट बॅलन्स (रंगाची झाक) तिन्ही लॉक करा आणि एचडीआर, म्हणजे उजेड-सावली आपोआप सारखी करणारी सोय, बंद करा. दुसरं, खिडकीतलं ऊन दोन तासांत कुठल्या कुठे जातं. खिडकी जाड चादरीनं झाका आणि एकच टेबल लॅम्प ताटाच्या डाव्या अंगाला जवळजवळ ताटाच्याच पातळीत ठेवा. उजेड जितका आडवा, तितकी रेघेत सावली गडद. तिसरं कारण सहसा लक्षात येत नाही: तुम्ही स्वतः. पांढरा कुर्ता घालून ताटावर वाकलात की कुर्त्यावरचा उजेड तांदळावर पडतो आणि बाजूला झालात की जातो. गडद कपडे घाला आणि फोटो निघताना दर वेळी एकाच जागी, दोन पावलं मागे उभ्या राहा.

ताट दोन्हीकडून चिकटणाऱ्या टेपनं टेबलाला घट्ट बसवा. दोन स्टुलांवर फळी टाकून तिच्या कडेवरून मोबाईलची लेन्स खाली बघेल असं करा, फळीच्या दुसऱ्या टोकावर पोळपाट किंवा वरवंटा ठेवून वजन साधा. बटण मोबाईलवर दाबू नका, इअरफोनच्या आवाज वाढवण्याच्या बटणानंही फोटो निघतो.

प्रश्न : नायक गावाकडून बडोद्यात येतो आणि दहा वर्षांनी त्याचीच जुनी मूर्ती त्याच्यासमोर येऊन बसते. जुन्या वाड्यातल्या ओसरीवर दोघं समोरासमोर बोलतात, नट एकच. चौकट अर्धी अर्धी करून जोडली, पण मधली रेघ दिसते. (एक वाचक, रावपुरा)

उत्तर : रेघ एडिटिंगमध्ये पुसायला जाल तर फार वेळ जाईल. ती चित्रीकरणाच्या वेळीच लपवायची असते. वाडा आहे म्हणता, म्हणजे लाकडी खांब असणारच. दोघांच्या मध्ये खांब येईल असा कॅमेरा लावा आणि जोड खांबाच्या उभ्या कडेवर घ्या. जोडाला दहा ते वीस पिक्सेलचा मऊपणा दिला की पुरतो. खांब नसेल तर दाराची चौकट चालते. मोकळ्या भिंतीवर जोड कधीच घेऊ नका, भिंतीवरचा उजेड दोन टेकमध्ये सारखा राहत नाही.

मग चार गोष्टी तपासा. ट्रायपॉडवर असताना मोबाईलचं स्थिरीकरण बंद हवं. चालू असेल तर ते चौकट आतल्या आत किंचित सरकवत राहतं आणि दोन टेक एकमेकांवर बसत नाहीत. फ्रेम रेट पंचवीस, शटर १/५० किंवा १/१०० सेकंद. आपल्याकडची वीज ५० हर्ट्‌झची आहे, दिवा सेकंदाला शंभर वेळा मंद-तेज होतो. मोबाईल बहुधा तीस फ्रेमवर असतो आणि त्यामुळे ट्यूबच्या उजेडात भिंतीवरून काळे पट्टे सरकताना दिसतात. पंखा बंद ठेवा, पडदे बांधा, वाळत घातलेले कपडे काढा. आणि दोन टेकमध्ये पंधरा मिनिटांहून जास्त वेळ घालवू नका. ओसरीवरचं ऊन तेवढ्यात सरकतं आणि अर्ध्या चौकटीत सावली लांब, अर्ध्यात आखूड दिसते.

सगळ्यात सोपा उपाय म्हणजे रेकॉर्डिंग थांबवूच नका. पहिला भाग झाला की नटानं उठून कपडे बदलावेत आणि पलीकडे जाऊन बसावं, कॅमेरा चालूच. फोर-के चित्रीकरणाला मिनिटाला साधारण साडेतीनशे एमबी लागतात. वीस मिनिटांसाठी सात जीबी मोकळी ठेवा. हे काम मे महिन्यात भर दुपारी करू नका. मोबाईल तापून रेकॉर्डिंग आपोआप बंद पडतं.

नजरेचं काय? रिकाम्या जागेकडे बघून बोलणाऱ्या नटाची नजर भरकटते आणि प्रेक्षकाला ते लगेच कळतं. समोरचा बसल्यावर त्याचे डोळे जिथे येतील तिथे काठीला टिकली लावून काठी उभी करा, जोडाच्या पलीकडच्या भागात. तो भाग नंतर कापलाच जाणार आहे. संवादासाठी आधी एका बाजूचं बोलणं रेकॉर्ड करून दुसऱ्या टेकमध्ये ते नटाच्या कॅमेऱ्याआडच्या कानातल्या इअरफोनवर ऐकवा. एकानं दुसऱ्याच्या हातात वस्तू देणं टाळा. हात जोड ओलांडतो आणि मनगटाशी तुटतो. तुमच्या संहितेत पत्र द्यायचा प्रसंग आहे. पत्र खांबाशी जमिनीवर ठेवू द्या आणि पुढच्या शॉटमध्ये, जवळून, दुसऱ्यानं उचलू द्या. हे जास्त चांगलंही दिसेल. जुना माणूस नव्याच्या हाताला हात लावत नाही.

प्रश्न : आरशातल्या शॉटमध्ये कॅमेरा दिसतो. बाजूला घेतला तर नटी भलतीकडेच बघतेय असं वाटतं. (दोन वाचिका, मांडवी आणि कारेलीबाग)

उत्तर : नटीला आरशात स्वतःचा चेहरा दिसतो आहे तोवर ती कॅमेऱ्याला बघताना दिसणार नाही. कॅमेरा बाजूला तीसेक अंशांवर ठेवा आणि तिला आरशात लेन्स शोधायला सांगा. तिला लेन्स दिसली की लेन्सला तिचे डोळे दिसतात. पडद्यावर ती स्वतःकडे बघते आहे असंच वाटतं. फोकस आरशाच्या काचेवर नको, प्रतिबिंबावर हवा. अंतर धरायचं ते कॅमेऱ्यापासून आरशापर्यंत अधिक आरशापासून तिच्यापर्यंत. ऑटोफोकस काचेवरची धूळ पकडतो, म्हणून हातानं लावून लॉक करा.

मात्र ओळखीच्या विषयावरच्या लघुपटात आरसा इतका झाला आहे की प्रेक्षक तो आधीच ओळखतो. घासलेल्या पितळी तांब्यात चेहरा बघा, किंवा सुरसागर तलावाच्या कडेला बंद दुकानाच्या काचेत, जिथे चेहरा आणि मागचा रस्ता एकमेकांवर पडतात.

प्रश्न : माझी व्यक्तिरेखा घरात मराठी आणि ऑफिसात गुजराती बोलते. दोन आवाज वेगळे वाटावेत म्हणून सॉफ्टवेअरनं एक आवाज जाड केला तर तो राक्षसासारखा वाटतो. शिवाय इंग्रजी सबटायटलमध्ये दोन्ही भाषा एकच होतात. (एक वाचिका, अलकापुरी)

उत्तर : आवाजाची पट्टी सॉफ्टवेअरनं सरळ खाली ओढली की घशाचा आणि तोंडाचा घुमारही तिच्यासोबत खाली जातो. कानाला माणूस तोच वाटत नाही, शरीरच वेगळं वाटतं. पट्टीला हात लावू नका, माइकचं अंतर बदला. मराठी आवाज पंधरा सेंटिमीटरवरून घ्या. इतक्या जवळून बहुतेक माइकमध्ये खालचे सूर भरतात, श्वास ऐकू येतो आणि आवाज डोक्यातल्यासारखा वाटतो. गुजराती आवाज एक मीटरवरून घ्या, थोडी खोलीही त्यात येऊ द्या. माणूस तोच राहतो आणि जवळीक बदलते.

जवळच्या आवाजासाठी कपड्यांनी भरलेलं कपाट उघडून त्यात तोंड करून बोला, मागे पाठीशी गोधडी टांगा. रेकॉर्डिंग ४८ किलोहर्ट्‌झ, २४ बिटवर करा आणि सगळ्यात मोठा आवाज उणे बारा डेसिबलच्या वर जाऊ देऊ नका. ‘प’, ‘फ’, ‘भ’ ला धप्प आवाज येत असेल तर माइक तोंडासमोरून दोन बोटं बाजूला सरकवा. दोन्ही खोल्यांची एक एक मिनिट नुसती शांतता रेकॉर्ड करून ठेवा. ती नसली की एडिटिंगमध्ये वाक्यांच्या मध्ये भोकं पडतात.

आणि वाचून बोलू नका. बडोद्यातलं मराठी बोलता बोलता गुजराती शब्दावर अलगद उतरतं आणि परत येतं. कागद हातात आला की ते उतरणं जातं, छापील मराठी उरतं. मुद्दे सांगा, नटीला तिच्या शब्दांत तीन वेळा बोलू द्या, तिसरा टेक बहुधा कामाचा निघतो.

सबटायटलमध्ये मराठी पांढऱ्या आणि गुजराती फिक्या पिवळ्या अक्षरांत द्या. हा नियम पहिल्या मिनिटातच, दोन्ही भाषा लागोपाठ येतील अशा प्रसंगात बसवा, म्हणजे कुठे लिहून सांगावं लागणार नाही. एका वेळी दोनच ओळी, सेकंदाला बारा ते पंधरा अक्षरांहून जास्त नाही.

प्रश्न : मी रोज स्वतःचा एक फोटो काढून नव्वद दिवसांत झालेला बदल दाखवणार आहे. हा लघुपट म्हणता येईल का? (एक वाचक, वाडी)

उत्तर : नक्की म्हणता येईल आणि हे घराणं जुनं आहे. आपल्याच शहरातल्या कलाभवनात शिकलेल्या दादासाहेब फाळक्यांनी १९१२ साली पेरलेल्या वाटाण्याच्या वाढीचं असंच चित्रण केलं. कॅमेरा एका जागी, रोज थोडंसं चित्रण, आणि पडद्यावर दाण्याचं रोप होताना दिसलं. मोठ्या चित्रपटासाठी भांडवल मिळवायला त्यांनी हाच तुकडा दाखवला.

वाटाणा जागचा हलत नाही, तुम्ही हलता. खुर्चीचे चार पाय आणि ट्रायपॉडचे तीन पाय जमिनीवर टेपनं आखून ठेवा. अंतर सव्वा मीटरच्या खाली नको, जवळून नाक फुगलेलं दिसतं. रोज एकच लेन्स, एकच वेळ, एकच दिवा. मोबाईलचं चेहरा उजळवणारं ‘ब्यूटी’ बंद करा. ते तुमच्या नव्वद दिवसांचा बदल गुपचूप पुसत असतं. शर्टही एकच ठेवा. शर्ट बदलत राहिला की नजर कपड्यावर जाते, चेहऱ्यावर राहत नाही. एडिटिंगमध्ये सगळे फोटो डोळ्यांवर जुळवा, हनुवटीवर नको. दाढी वाढली की हनुवटीची रेघ सरकते.

नव्वद फोटो पंचवीस फ्रेमच्या हिशेबानं साडेतीन सेकंदांत संपतात, कुणाला काही दिसत नाही. प्रत्येक फोटो तीन फ्रेम धरा, जवळजवळ अकरा सेकंद होतील. एखादा दिवस चुकला तर आदल्या दिवसाचा फोटो पुन्हा वापरू नका. तिथे तीन काळ्या फ्रेम टाका. चुकलेला दिवसही तुमच्याच बदलातला आहे.

प्रश्न : कवळाण्याचा गोपाळ दत्तक येऊन सयाजीराव होतो, यावर पाच मिनिटांचा लघुपट करायचा आहे. राजवाडा, दरबार, पोशाख परवडत नाहीत. (विद्यार्थ्यांचा एक गट)

उत्तर : दरबार नकोच. १८७५ साली नाशिककडच्या कवळाणे गावातला बारा वर्षांचा मुलगा बडोद्याच्या गादीवर दत्तक आला आणि त्याचं नाव बदललं. मग मराठी, गुजराती, उर्दू, इंग्रजी या भाषांचे धडे सुरू झाले. तुमच्यासाठी यातली एकच गोष्ट पुरेशी आहे: नवं नाव लिहायला शिकणारा हात. पाच मिनिटं फक्त हात, बोरू आणि कागद.

बोरूचं टोक तिरपं कापा आणि मधोमध छोटी चीर द्या, नाहीतर शाई एकदम ओघळते. साधा झेरॉक्सचा कागद घेऊ नका, त्यावर शाई फुटते. घोटलेला हातकागद घ्या. पेनची शाई फार पातळ पडते, तिच्यात भिजवलेल्या बाभळीच्या डिंकाचे दोन-तीन थेंब घाला. कॅमेरा मुलाच्या उजव्या खांद्यावरून लावलात तर हात अक्षर झाकेल. डाव्या बाजूनं, थोडा वरून लावा. आणि मुलगा खरोखर बारा वर्षांचाच घ्या, ज्यानं बोरू कधी धरलेला नाही असा. त्याचा अवघडलेपणा अभिनयानं आणता येत नाही. पहिले दहा कागद हेच तुमचं खरं चित्रीकरण असेल, सरावाचे म्हणून फेकून देऊ नका.

प्रश्न : मैत्रिणीनं लिंगओळख आणि नाव बदललं. तिच्यावरच्या लघुपटात जुने फोटो आणि कागदपत्रं धूसर करून दाखवली तर चालतील का? (एक वाचक)

उत्तर : धूसर करण्यावर विसंबू नका. मूळ फाइल तुमच्याकडे तशीच राहते आणि कच्चं एडिटिंग पाठवताना नेमकं धूसर न केलेलं जातं. जुनं नाव, आधार क्रमांक, पत्ता यांवर चित्रीकरणापूर्वीच कागदाची पट्टी चिकटवा, म्हणजे ते कॅमेऱ्यात शिरणारच नाही.

तिची परवानगी लेखी घ्या आणि वेगवेगळी घ्या: चेहऱ्याची, आवाजाची, जुन्या फोटोंची, जुन्या नावाची. एकाला हो म्हणजे सगळ्याला हो नव्हे. नकार द्यायची शेवटची तारीख लिहा आणि त्या तारखेच्या आत तिला पूर्ण कच्चा लघुपट दाखवा, शक्यतो एकटीला. तिनं एखादा शॉट काढायला सांगितलं तर कारण विचारू नका, काढा. जुन्या फोटोशिवाय बदल कसा दिसेल अशी काळजी असेल तर तिच्या आजच्या सवयी चित्रित करा: नव्या सहीचा कागद, दारावरची नावाची पाटी घट्ट करणारा स्क्रू ड्रायव्हर, फोनवर कुणी जुन्या नावानं हाक मारल्यावर पडणारं दोन सेकंदांचं अंतर.

प्रश्न : लघुपट पूर्ण झाला, पण बघणारे म्हणतात ‘कळलं नाही’. समजावणारं निवेदन घालू का? (एक वाचक, फतेगंज)

उत्तर : आधी त्यांना काय कळलं नाही ते शोधा. विषयाशी संबंध नसलेल्या चार जणांना एकेकट्याला दाखवा आणि ‘आवडला का?’ असं विचारू नका. विचारा, ‘किती माणसं दिसली?’ तुम्ही पाठवलेल्या आराखड्यात एकच बाई चार रूपांत येते. चौघांनी ‘एक’ म्हटलं तर गोंधळ अर्थाचा आहे आणि तो राहू द्यायला हरकत नाही. चौघांनी ‘चार’ म्हटलं तर गोंधळ ओळखीचा आहे, आणि त्यावर निवेदन चालणार नाही. निवेदन कान ऐकतो, माणूस डोळा ओळखतो.

तुमच्या आराखड्यात दर रूपाला बाईचे कपडे, केस, खोली, उजेड आणि कॅमेऱ्याची उंची असं सगळंच बदललं आहे. ती तीच आहे हे धरून ठेवायला प्रेक्षकाकडे काही उरलेलं नाही. निदान दोन गोष्टी चारही वेळा तशाच ठेवा. बसायची खुर्ची ठेवा, आणि एखादी लकब, जसं बोलण्याआधी बांगड्या कोपराकडे सरकवणं. लकब पहिल्या रूपात दोनदा दाखवा, नाहीतर ती कुणी टिपत नाही. सगळं पुन्हा चित्रित करायची गरज नाही. दुसऱ्या आणि तिसऱ्या रूपातला बसण्याचा शॉट तेवढा पुन्हा घ्या: खुर्ची पहिल्या रूपातलीच, कॅमेरा जमिनीपासून तेवढ्याच उंचीवर, आणि बांगड्या त्याच.